दोन शिक्के

भंडारा उचलायला मनुबाईनं हात पुढे केला तेव्हा तिच्या नखांत अजून खाचरातला चिखल होता. पुढचे बारा दिवस तिला राहून राहून वाटत राहिलं, की निदान हात तरी धुऊन यायला हवं होतं.

बोलावणं आलं तेच मुळी भांगलणीत, भातातलं तण काढताना. सांबऱ्याच्या विमानतळापलीकडं सात-आठ मैलांवर माळहट्टी आहे. तिथल्या या भावकीत अकरा बायकांचा पैरा चालतो. आज अकरा जणी हिच्या भातात, उद्या तिच्या. मजुरीचा प्रश्नच नाही. पण एखादीनं पैरा चुकवला, तर तिचं खाचर तणानं भरतं आणि तिच्या बांधाला कोणी उभं राहत नाही. मनुबाईचा नवरा आण्णाप्पा गुडघ्यानं अधू, मुलगा नागेंद्र बेळगावात कॅम्पात गाडी चालवायला. तेव्हा तिचं दोन एकर भात या पैऱ्यावरच उभं होतं, असं म्हटलं तर चालेल.

त्या दिवशी पैरा नीलमच्या शेतात होता. दिवस कलताना रवळूचा निरोप आला, सगळ्यांनी असंच रवळनाथाच्या देवळात या. रवळू भावकीतला थोरला. त्याचं बोलावणं मोडायची रीत नव्हती. अकरा जणी खुरपी कमरेला खोचून, डोक्यावरच्या प्लॅस्टिकच्या खोळी झटकत तशाच देवळात गेल्या.

काम काय ते सगळ्यांना ठाऊक होतं. वॉर्डातला एक मेंबर चैत्रात वारला होता. जागा रिकामी, आणि आता ती बाईमाणसासाठी राखीव. रवळूनं आपली सून तेजस्वी उभी केली होती. बी.कॉम. झालेली पोरगी, गावात येऊन दोन वर्षं झाली होती, आणि तळ्याकडं जायची वाट अजून तिला विचारावी लागे. समोर खालच्या आळीची गुणाबाई. ती अर्ज मागं घेईना म्हणून रवळूनं ताटात भंडारा काढला होता.

पहिला हात लावला तो रवळूच्या बायकोनं, आक्काताईनं. तिनं चिमूट उचलली, कपाळाला लावली आणि नवऱ्यानं सांगितलेले शब्द एका दमात म्हणून टाकले. "शिवणयंत्रावर शिक्का मारीन. न्हाय मारला तर रवळनाथ बघून घेईल." शिवणयंत्र हे तेजस्वीचं चिन्ह. तेजस्वी खांबाला टेकून उभी होती आणि तिला हे सगळं बघवत नव्हतं, हे तिच्या तोंडावर दिसत होतं. मग एकामागून एक दहा जणींनी हात पुढे केले. मनुबाई सातवी होती.

"झालं की," रवळू म्हणाला. "आता कुणी डोक्याला ताप करून घेऊ नका."

सांगितल्यासारखं ताप करून न घेणं मनुबाईला जमलं असतं. पण घरी सून बसली होती कागद वाचत.

सौम्या बैलहोंगलाकडची. नागेंद्रनं कानडी मुलगी पसंत केली तेव्हा भावकीत थोडं कुजबुजणं झालं होतं. मनुबाईला स्वतःला कानडी बोलायला येई. बाजारात ती कानडीत भांडून भाव पाडायची. अक्षर मात्र तिला एक लागायचं नाही. सौम्या तिला अत्ती म्हणायची, आणि ते मनुबाईला आवडायचं, पण तिनं तसं कधी बोलून दाखवलं नव्हतं. सौम्या रेशनकार्डाच्या कामाला पंचायतीत गेली होती. तिथं फळ्यावर टाचलेल्या कागदाचा तिनं मोबाइलवर फोटो काढला होता.

"अत्ती, हे वाचलंय काय कुणी?"

"कानडीत असंल तर कोण वाचतंय. काय हाय?"

"आपलं गायरान हाय न्हवं. सहा एकर. तीस वर्षांसाठी एका कंपनीला द्यायचं म्हणून लिवलंय. घनत्याज्य विलेवारी."

"म्हंजे?"

"कचरा, अत्ती. सगळ्या गावांतला आणून हितं वेगळा करायचा."

"खताचा कारखाना म्हणत होते की."

"खत पण लिवलंय. खाली, बारीक."

मनुबाईनं चुलीतलं लाकूड उगाच मागंपुढं केलं. गायरानाच्या उताराला झऱ्याची विहीर. पंचायतीचा नळ चौथ्या दिवशी येतो, तोही कधी मातकट. पिण्याचं पाणी आख्खं गाव त्या विहिरीचंच नेतं.

"आणि विहिरीचं काय लिवलंय?"

सौम्यानं फोटो बोटांनी मोठा करून परत वरून खाली वाचला. "विहिरीचं कायच न्हाय."

"मग हे वाईट हाय का चांगलं?"

"ते कागद सांगत न्हाय, अत्ती. हरकत असली तर तीस दिवसांत लिहून द्या म्हणतोय. नाव, कारण, सही."

"आपण कुठं लिवायचं," मनुबाई म्हणाली आणि भाकरी थापायला बसली. भाकरी फाटली.

जेवताना तिनं आण्णाप्पाला विचारलं. आण्णाप्पाला या गोष्टी माहीत असत, कारण गुडघा दुखू लागल्यापासून तो दिवसभर पारावरच बसे. पंचायतीत मेंबर नऊ. चार म्हणतात गायरान द्या, चार म्हणतात देऊ नका. नववी खुर्ची ही रिकामी, त्यांच्या वॉर्डाची.

"म्हंजे मी शिवणयंत्राला शिक्का मारला, की गायरान गेलं?"

"तू एकटीच मारतीस काय?" आण्णाप्पा म्हणाला. मग भाकरी मोडत म्हणाला, "रवळूअण्णानं नागेंद्रला तिथं सुपरवायझर करतो म्हटलंय. रोज कॅम्पापासनं गाडी मारत येतंय पोरगं. पाठ गेली त्येची. आणि भंडारा उचललीस न्हवं तू? मग आता कसला इचार करतीस?"

मुलगा गावात राहील, सूनबाई संध्याकाळी दाराकडं डोळे लावून बसणार नाही, हे मनुबाईला मनापासून हवं होतं. आणि विहिरीला काही होऊ नये हेही तेवढंच हवं होतं. दोन्ही एकदम मिळेल असं कोणी म्हणत नव्हतं, मिळणार नाही असंही कोणी म्हणत नव्हतं. तिचं डोकं भणभणून गेलं.

चौथ्या दिवशी पैरा रवळूच्या खाचरात होता. बायका पात धरून वाकलेल्या, पाठीवर बारीक पाऊस. रवळू छत्री घेऊन बांधावर आला, तेव्हा मनुबाईनं वाकल्या-वाकल्याच विचारलं, "भावजी, त्या कचऱ्याच्या शेडानं विहिरीला काय होईल?"

पातीतली खुरपी थांबली. रवळूनं छत्री या हातातून त्या हातात घेतली.

"खाली काँक्रीट असतंय. काय होत न्हाय. तुला कुणी सांगितलं कचरा म्हणून? सुनेनं व्हय?"

"कागदात लिवलंय म्हणाली."

"सून कानडी, कागद कानडी," रवळू हसून म्हणाला, "भंडारा तेवढा आपला. तू आपल्याकडं बघ की."

बायका हसल्या. नीलम तर चांगलीच हसली. मनुबाईचं तोंड गरम झालं, आणि घाईत तिनं तणाबरोबर भाताची दोन चुडं उपटली. ती तिनं कोणी बघायच्या आत परत चिखलात रोवली. आक्काताई मात्र हसली नव्हती. ती पातीच्या त्या टोकाला खाली मान घालून भांगलत होती, पण ती तशी कधीच फारशी हसत नसे.

भाकरी खाताना मनुबाईनं नीलमला हळूच विचारलं, "तुला काय वाटतंय गं?"

"आपल्याला काय कळतंय त्यातलं," नीलम म्हणाली आणि कांदा फोडला. तिचीही घागर रोज झऱ्यावरच भरत होती.

गुणाबाई आली ती दुसऱ्या दिवशी, सकाळी धारेच्या वेळी. हिच्याशी मनुबाईचं दीड वर्ष बोलणं नव्हतं. मनुबाईचा गोठा तीन फूट गटारीवर आलेला. पावसाळ्यात पाणी तुंबून खालच्या आळीत शिरायचं. गुणाबाईनं पंचायतीत अर्ज दिला होता, आणि मापं घ्यायला टेप घेऊन माणसं आली तेव्हा सगळ्या आळीनं ते बघितलं होतं.

"मत मागायलाच आले," गुणाबाई गोठ्याच्या तोंडाशी उभी राहून म्हणाली. "आणि आधीच सांगते, निवडून आले तर तुझा गोठा मागं घ्यायला लागंल. मागनं माझ्या तोंडात शेण घालू नको."

मनुबाईनं म्हशीच्या आचळावरचा हात काढला नाही. "मग तुला मत कशाला देऊ?"

"ते तू बघ. गायरान मी द्यायची न्हाय, एवढं माझं हाय."

"शेडानं खरंच विहीर बिघडंल?"

गुणाबाई म्हणाली, "मला म्हाईत न्हाय. पाण्यातलं कळणारा माणूस बोलवा, चार लोकांत विचारा, असं मी तीनदा म्हटलं. कुणी बोलवंना. कळत न्हाय तोवर द्यायचं न्हाय, असं माझं म्हणणं. कळल्यावर चांगलं निघालं तर मीच सही करीन."

ती गेली. मनुबाईला तिचा भयंकर राग आला. गोठ्याचं काही करत नाही, असं खोटं बोलली असती, तर मनुबाईला शिवणयंत्रावर शिक्का मारणं सोपं झालं असतं. बाईनं खोटंही बोलू नये म्हणजे काय? त्या दिवशी दूध डेअरीत पोचायला उशीर झाला, तोही राग मनुबाईनं गुणाबाईच्याच नावावर टाकला.

मग दोन दिवस ती घरातल्या घरात अडखळत राहिली. सुनेनं वाचून दाखवलेला कागद एक सांगत होता, किंवा काहीच सांगत नव्हता. रवळू काँक्रीट म्हणत होता. गुणाबाईला माहीत नव्हतं, आणि माहीत नाही हे तेवढं तिला पक्कं माहीत होतं. पैऱ्यातून उठवलं तर भाताचं काय? भंडारा मोडला आणि नागेंद्रच्या गाडीला काही झालं तर? आणि पुढं कधी सौम्याच्या लेकराला त्या पाण्यानं काही झालं तर? म्हशीला पेंड घालायची ती तिनं सकाळी दोनदा घातली आणि संध्याकाळी विसरली.

शेवटी मतदानाच्या आदल्या सोमवारी तिनं एक नारळ घेतला आणि देवळात गेली. कौल लावायचा. देवाच्या अंगावर दोन बाजूंना पाकळ्या चिकटवायच्या, मनातलं विचारायचं. उजवी पडली तर होय, डावी पडली तर नाही. म्हैस हरवली तरी गाव कौल लावतं. मग या कामाला का नको?

ज्योतिबा गुरव समई पुसत होता. "कशाचा कौल?"

"भंडारा उचललाय. मोडला तर चालंल का इचार."

ज्योतिबानं समई खाली ठेवली आणि दाराकडं बघितलं. "मनुबाई, इलेक्शन होईस्तोवर देवळात तसलं काय करू नका म्हणून साहेब लोक सांगून गेल्यात. त्या दिवशीचंच माझ्या अंगावर येतंय का काय, ते बघायलोय."

"मी कुणाला सांगत न्हाय."

"देवाला तरी काय इचारायचं? त्येचं नाव यादीत न्हाय. तुझं हाय."

मनुबाईला वाटलं, हा माणूस सुटून गेला आपला. तिनं नारळ तेवढा फोडून मागितला. देवापुढं चार-पाच नारळांच्या भकला आधीच ठेवलेल्या होत्या. श्रावणच आहे म्हणा, तिच्या मनात आलं.

मतदानाला सौम्या म्हणाली, "मी पण येते अत्ती, संगंच जाऊ."

"तू मागनं ये. म्हशीचं बघ." सुनेच्या डोळ्यांपुढं मत द्यायला तिला लाज वाटत होती. कोणाला ते अजून ठरलं नव्हतं, याची जास्त.

शाळेत रांग होती. भिंतीवर मोठा कागद लावला होता, कानडीत, चित्रांसकट. मनुबाईनं चित्रांकडं बघितलं. एक हात, एक शिक्का, एक डबा. हे काय तिला नवीन नव्हतं. तिच्या पुढं दोन जणी पैऱ्यातल्याच होत्या. एरवी रांगेत त्यांची तोंडं बंद नसतात. आज एक चपलेच्या पट्ट्याकडं बघत होती, एक छताकडं. दाराशी रवळू उभा होता आणि प्रत्येकीला "जेवलीस काय" विचारत होता.

बोटाला शाई लागली, हातात कागद आला, आणि ती पुठ्ठ्याच्या आडोशामागं गेली. कागदावर दोनच चित्रं. वर बादली, गुणाबाईची. खाली शिवणयंत्र.

हातात शिक्का धरून ती उभी राहिली आणि तिला मागची निवडणूक आठवली. तेव्हा वॉर्डात तीन जागा होत्या. त्याच कागदावर तिनं तीन शिक्के मारले होते आणि साहेबानंच तसं सांगितलं होतं. मग हळूहळू तिला उमगत गेलं. शिवणयंत्रावर शिक्का मारीन, एवढंच तर ती देवापुढं बोलली होती. दुसरीकडं मारणार नाही असं कुठं बोलली होती? तिनं शिवणयंत्रावर शिक्का मारला, ठळक, दाबून. भंडारा फिटला. मग बादलीवर मारला, तोही तसाच. ते विहिरीचं झालं.

इतकं सोपं होतं आणि आपण बारा दिवस जिवाचं पाणी केलं, या विचारानं तिला हसूच आलं. घरी जाऊन तिनं दोन भाकरी खाल्ल्या आणि बऱ्याच दिवसांनी आण्णाप्पाच्या गुडघ्याला तेल चोळलं. सौम्या मत देऊन आली, तेव्हा मनुबाईनं तिला काही विचारलं नाही. आणि स्वतःहून काही सांगितलंही नाही.

मोजणी तिसऱ्या दिवशी तालुक्याला होती. त्या दिवशी पैरा परत रवळूच्या शेतात, राहिलेला तुकडा संपवायला. रवळू, तेजस्वी आणि बापये माणसं नागेंद्रच्या गाडीतून मोजणीला गेलेली. अकरा बायका खाचरात. वरून विमान गेलं, खाली उतरणारं, चाकं बाहेर काढलेलं. एरवी एखादी तरी मान वर करून बघते, त्या दिवशी कोणी बघितलं नाही.

बाराच्या सुमारास गावाकडून फटाके वाजले.

"आली वाटतं तेजस्वी," नीलम म्हणाली. आक्काताईची सून, तिचं शेत, पण तिनं पातीवरून मान वर केली नाही.

सौम्या डोक्यावर भाकरीची बुट्टी घेऊन बांधावरून येताना दिसली. बुट्टी उतरवायला मनुबाई पुढं झाली.

"नागेंद्रचा फोन आलता," सौम्या म्हणाली. "तेजस्वीवैनी सात मतांनी आल्या. एकशे त्रेसष्ट, आणि गुणाबाईंना एकशे छप्पन."

"सातच?" कोणीतरी म्हणालं.

"अकरा मतं बाद झाली."

"बाद कशानं?" हे मनुबाईनंच विचारलं.

"दोन्ही चित्रांवर शिक्के हाणलेले. जागा एक हाय न्हवं, शिक्का एकच मारायचा. शाळंच्या भिंतीवर एवढं मोठं लिवलं होतं की, अत्ती." सौम्यानं बुट्टीवरचं फडकं काढलं. "तिथं सगळे हसायलेत म्हणे. रवळूमामा म्हणाले, कुठल्या तरी अडाणी बायका असतील, मतं पाण्यात घातली."

कोणी भाकरीला हात लावला नाही. मनुबाई बांधावर उभी राहिली. आपण एक मत वाया घालवलं, एवढ्यानंच तिला रडायला आलं असतं. पण अकरा हा आकडा तिच्या डोक्यातून जाईना. तिनं खाचरात बघितलं. वाकलेल्या पाठी, निळ्या-पिवळ्या खोळी. एक, दोन, तीन, असं ती मनात मोजत गेली. खाचरात दहा आणि बांधावर आपण. तिला देवळातल्या त्या नारळाच्या भकला आठवल्या, रांगेत चपलेकडं बघणारी बाई आठवली. बारा दिवस यातली प्रत्येक जण हिच्या शेजारी वाकून हेच कोडं सोडवत होती, आणि एकीनंही दुसरीला विचारलं नव्हतं. हिनं नीलमला विचारलं होतं खरं, पण तेही असं, की तिनं सांगू नये. आणि घरात वाचणारी सून होती, तिला हिनं म्हशीपाशी ठेवलं होतं. एक शिक्का का दोन, एवढं विचारलं असतं तरी पुरलं असतं.

"सौम्या," ती म्हणाली, "त्या हरकतीला किती दिवस उरलेत?"

"बारा असतील."

"कानडीतच लिवायला लागतंय?"

"कशातबी चालतंय, अत्ती. सही तेवढी तुमची पायजे."

मनुबाई परत खाचरात उतरली. आपल्या पातीपर्यंत गेली, पण वाकली नाही. भांगलण अजून दोन शेतांची राहिली होती. त्यातलं एक तिचं.

"त्या अकरातली एक मी," ती म्हणाली.

खुरप्यांचा आवाज बंद झाला. नीलमनं तोंडावर चिखलाचा हात नेला आणि तिथंच ठेवला. कोणी कोणाकडं बघेना.

पातीच्या त्या टोकाला आक्काताईनं हातातलं तण बांधावर फेकलं, कमरेवर हात ठेवून सावकाश सरळ झाली आणि म्हणाली, "दोन."